अण्णांना दिसत होतं का?

फोन इथेच ठेवा. तिथे तो चालणार नाही, आणि कुणी पाहिलाच तर हे काय म्हणून समजावत बसावं लागेल. मनगटावरचं घड्याळही काढा. धोतर नेसता येत नसेल तर कुणाकडून तरी घट्ट नेसवून घ्या. आज ते भर कोर्टात सुटून चालणार नाही. वर बंद गळ्याचा आल्पाकाचा कोट, डोक्यावर काळी टोपी, पायात वहाणा. झालं. आता तुम्ही १९३५ सालच्या एप्रिलमध्ये, गिरगावातल्या एका दुमजली चाळीच्या गॅलरीत उभे आहात, आणि कोटाची बटणं लावून होतात न होतात तोच पाठीवरून घामाची पहिली धार निघाली आहे.

खाली नळावर भांड्यांची आदळआपट चालू आहे. कोळशाच्या शेगड्यांचा धूर जिन्यातून वर येतो आणि गॅलरीतच रेंगाळतो. त्यात भाजलेल्या खोबऱ्याचा वास, ओल्या लुगड्यांचा वास आणि संडासाच्या बाजूचा वास. समोरच्या खोलीला कुलूप आहे. तिथे अण्णा राहत. चाळ त्यांचीच, तुम्ही त्यांचे भाडेकरू. दोन वर्षांपूर्वी आषाढातल्या एका संध्याकाळी त्यांनी हाक मारली, तुम्ही गेलात आणि एका कागदावर साक्षीदार म्हणून सही केलीत. पाच मिनिटांचं काम. त्या पाच मिनिटांचा हिशेब द्यायला आज तुम्हाला हायकोर्टात जायचं आहे.

ट्राम पकडा. तिकीट एक आणा. बाकं लाकडी, आणि तुमच्या शेजारच्या गृहस्थांनी डोक्याला इतकं तेल थापलंय की वळणावर ते तुमच्या कोटाला पुसलं जाईल, तेव्हा अंग चोरून बसा. पुढे ड्रायव्हर पायाने घंटा बडवतोय, कारण रुळांवर एक हातगाडी, एक व्हिक्टोरिया आणि कुणालाच न जुमानणारी एक गाय आहे. धोबी तलाव मागे पडला की रस्ता रुंद होतो. तापलेल्या डांबराचा आणि घोड्यांच्या लिदीचा वास नाकात बसतो. फाउंटनपाशी उतरा आणि राजाबाई टॉवरच्या रोखाने चालायला लागा. त्याच्या शेजारची ती काळ्या दगडाची प्रचंड इमारत, टोकदार मनोऱ्यांची, तेच आपलं ठिकाण.

१८७८ साली ती बांधून पुरी झाली. नकाशा कर्नल फुलर नावाच्या इंजिनिअरसाहेबाचा. आत पाऊल टाकलंत की पहिली जाणीव होते ती गारव्याची. दगडाने उन्हाला बाहेरच रोखून धरलेलं असतं. दुसरी जाणीव आवाजाची. वहाणांची फटफट, बुटांची खटखट, पट्टेवाल्यांच्या आरोळ्या, गुजराती, मराठी, पारशी ढंगाची गुजराती, आणि या सगळ्यावरून तरंगणारं ब्यारिस्टरांचं इंग्रजी. लाल फितीत बांधलेले कागदांचे गठ्ठे छातीशी धरून सॉलिसिटरांचे कारकून तुमच्या अंगावरून धावत जातील. त्यांना वाट द्या. कज्जेदलाली करणाऱ्या माणसाने खांदा थोपटला तर मात्र ओळख दाखवू नका.

जिना चढताना खांबांवरची नक्षी बघायला विसरू नका. एक माकड आहे; एका डोळ्यावर पट्टी, हातात तराजू. वकिलाच्या गळपट्टीतला कोल्हाही आहे. इमारतीच्या एका पारशी ठेकेदाराचं ठेक्यावरून भांडण झालं, तो दावा हरला आणि त्याने असा सूड उगवला, अशी गोष्ट इथे सांगतात. खरंखोटं देव जाणे, पण कुणी ते माकड काढून टाकलेलं नाही, हे मला फार आवडतं.

पहिल्या बाकावर मास्तर बसलेत. निवृत्त शिक्षक, अण्णांचे जिवलग. मृत्युपत्र त्यांनीच लिहून घेतलं आणि त्यात एक्झिक्युटर, म्हणजे ते अमलात आणणारा, म्हणूनही त्यांचंच नाव आहे. मिळकतीतला एक पैसाही त्यांना मिळायचा नाही, तरी सगळ्यात जास्त घाम त्यांनाच फुटलाय. जरा दूर, पदर घट्ट लपेटून अण्णांची लेक बसली आहे. चाळीत तिला सगळे ताईच म्हणतात. नवरा गेल्यावर ती माहेरी आली आणि बापाचं शेवटपर्यंत तिनेच केलं. खांबाच्या पलीकडे, आपल्याकडे पाठ करून उभा आहे तो तिचा थोरला भाऊ, दादा. अण्णांनी चाळीच्या भाड्याचा मोठा वाटा ताईच्या नावे लिहिला, आणि तिथून हे सगळं सुरू झालं.

पुकारा व्हायला वेळ आहे. तोवर एवढ्यापर्यंत गाडं कसं आलं ते ऐकून घ्या. मृत्यूनंतर सात दिवस उलटल्याखेरीज प्रोबेट, म्हणजे मृत्युपत्र खरं असल्याचा कोर्टाचा दाखला, देऊ नये, असं कायदा सांगतो. आपल्याकडे तेरावं होईपर्यंत कपाटाला कोण हात लावतंय? तेराव्यानंतर मास्तरांनी ट्रंक उघडली, जुन्या धोतरांखालून कागद निघाला आणि ते फोर्टात सॉलिसिटरकडे गेले. मुंबई शहरातली मिळकत आणि हिंदू माणसाचं मृत्युपत्र, म्हणजे प्रोबेटला पर्याय नाही. ते हातात नसेल तर उद्या एखाद्या भाडेकरूने भाडं थकवलं आणि मास्तर कोर्टात गेले, तर ‘मी एक्झिक्युटर’ या त्यांच्या म्हणण्याला तिथे किंमत नाही.

मग अर्ज झाला, इंग्रजीत. अण्णा कधी वारले, हाच त्यांचा शेवटचा लेख, तो रीतसर झाला आहे, मिळकत अमुक इतकी. अण्णांनी सही केली तेव्हा आपण हजर होतो, असं तुमचंही निवेदन त्याला जोडलं. मृत्युपत्र होतं मोडीत, म्हणून कोर्टाच्या भाषांतरकाराकडून त्याचं इंग्रजी करून घेतलं. मिळकतीची किंमत काढली, कारण तिच्यावर शेकडा हिशेबाने कोर्ट फी बसते. तो आकडा ऐकून मास्तरांनी दोनदा पाणी मागितलं म्हणे. मग सायटेशन निघालं: या इस्टेटीत ज्याचा कुणाचा हितसंबंध असेल त्याने येऊन कारवाई पाहावी. त्याची प्रत कोर्टात भिंतीवर लागली, कलेक्टर कचेरीतही लागली. दादाने वाचली. दुसऱ्याच आठवड्यात त्याचा कॅव्हेट दाखल: मला कळवल्याशिवाय पुढे काही करू नये. झालं, अर्जाचा दावा बनला. मास्तर वादी, दादा प्रतिवादी. त्यानंतरचा काळ तारखांमध्ये गेला. त्याबद्दल सांगण्यासारखं काही नाही, मुंबईत दावा चाललेल्या कुणालाही विचारा.

आता मेची सुट्टी तोंडावर आली आहे आणि बोर्ड झपाझप पुढे सरकतोय. सॉलिसिटरचा कारकून तुमच्या कानाशी येतो. तोंडात पान आहे, शर्टाच्या बाहीवर शाईचे डाग.

“काका, विचारलं तेवढंच बोला. आणि साहेबांच्या पेनकडे बघत बोला. पेन थांबलं की बोला, पेन चालू असलं की गप्प.”

ताईने किती खस्ता खाल्ल्या, दादा बापाला भेटायला वर्षातून एकदा यायचा, तोही गणपतीला. हे सगळं तुम्ही घोकून आला आहात. ते विसरा. ते कुणी विचारणार नाही. मृत्युपत्र न्याय्य आहे की नाही, हा प्रश्नच या कोर्टापुढे नाही. माणूस शुद्धीवर होता का? कागदात काय आहे हे त्याला उमजत होतं का? सही त्याचीच का? दोन साक्षीदारांनी त्याला सही करताना पाहिलं का, आणि मग त्याच्या हजेरीत आपल्या सह्या केल्या का? बस्स. लोक याला कोरडेपणा म्हणतात. मला यात मोठं शहाणपण दिसतं. स्वतःच्या कमाईतून कुणाला किती द्यायचं यात पक्षपात करायचा हक्क माणसाला जिवंतपणी असतो, मग तो मेल्यावर का काढून घ्यायचा? कोर्ट फक्त एवढंच बघतं, की पक्षपात खुद्द त्यानेच केला ना.

पुकारा झाला. चला.

कोर्टाची खोली उंच, टोकदार कमानींच्या खिडक्यांची. छतापासून लांब दांड्यांवर पंखे लोंबतायत. ते फिरतात, पण त्यांचा वारा फक्त ब्यारिस्टरांपर्यंत पोचतो. जुनं सागवान, शाई, डांबराच्या गोळ्या आणि पन्नास माणसांचा घाम. तुमचा साक्षीदाराचा पिंजरा अशा जागी आहे की खिडकीतलं ऊन नेमकं तुमच्या डाव्या कानावर येतं. कठड्याला हात लावलात तर तो चिकट लागेल. तुमच्याआधी आलेल्यांनी घाबरून धरून धरून तसा केलाय.

गीता कुठे आहे म्हणून बघू नका. गीतेवर हात ठेवून शपथ घ्यायची ती नाटकासिनेमात. १८७३ च्या कायद्याप्रमाणे हिंदू साक्षीदाराने नुसती प्रतिज्ञा करायची. ती तुम्ही करता, दुभाषा ती इंग्रजीत सांगतो आणि न्यायमूर्ती मान न हलवता लिहून घेतात. न्यायमूर्ती पारशी आहेत, जन्म मुंबईतच गेलाय, तुमचं अक्षर न् अक्षर त्यांना कळतंय. तरी प्रत्येक उत्तराला ते दुभाषाकडे बघतात, कारण कागदावर उतरतं ते त्याचं इंग्रजी. तुम्ही पाऊस, कंदील, अण्णांचा खोकला असं रंगवून सांगाल आणि तो ते पाच शब्दांत उरकेल. मनाला लावून घेऊ नका.

मास्तरांचे ब्यारिस्टर तुमच्या हातात मूळ कागद देतात. दोन वर्षांनी तुम्ही तो पहिल्यांदा बघताय. जाड, पिवळसर कागद, बोरूने लिहिलेली मास्तरांची मोडी, ओळीला ओळ खेटून, लेखणी कुठे न उचलता. खाली अण्णांची सही. सुरुवातीचं अक्षर ठसठशीत, पुढची उतरत गेलेली, शेवटचं ओळीखाली घसरलेलं. त्याखाली तुमची सही आणि डॉक्टरांची. डॉक्टर गेल्या श्रावणात गेले. म्हणजे त्या संध्याकाळचे साक्षीदार म्हणून उरलात तुम्ही एकटे. कायद्याला एक साक्षीदार पुरतो, पण त्या एकाला दोघांचंही सांगता आलं पाहिजे.

“ही सही कुणाची?”

“अण्णांची. माझ्यासमोर केली.”

“ही?”

“माझी. आणि ती खालची डॉक्टरांची. तीही माझ्यासमोर.”

इथवर सोपं. आता दादाचे ब्यारिस्टर उठतात. काळा झगा खांद्यावरून सावरतात, तुमच्याकडे बघून हसतात. हे हसू परत करू नका.

भाडं किती देता? थकलंय का? ताईने कधी सूट दिली का? नाही, नाही, नाही. अण्णांना ताप होता का? होता. ग्लानी होती का? दुपारी होती, संध्याकाळी नव्हती. भाड्याच्या जुन्या पावत्या पुढे येतात. त्यांवरची सही सरळ, ही घसरलेली. असं का? “आजारी होते म्हणून.” खोलीत कंदील किती? एकच. उजेड पुरेसा होता? तुम्ही खरं ते सांगता आणि तिथेच सापडता.

“नव्हता. म्हणून अण्णांची सही झाल्यावर मी आणि डॉक्टर कागद घेऊन बाहेर गॅलरीत गेलो. खिडकीच्या कट्ट्यावर ठेवून सह्या केल्या.”

ब्यारिस्टर सावकाश वळून न्यायमूर्तींकडे बघतात. पेन थांबलंय. मास्तरांनी डोळे मिटून घेतले आहेत.

कारण साक्षीदारांच्या सह्या मृत्युपत्र करणाऱ्याच्या हजेरीत व्हाव्या लागतात, आणि तुम्ही तर आत्ताच सांगितलंत की तुम्ही खोलीबाहेर होतात. मास्तरांचे ब्यारिस्टर उठतात आणि १७८१ सालचा एक इंग्लिश निवाडा पुढे करतात. एका बाईला दम्याचा त्रास होता. वकिलाच्या कचेरीत उकडत होतं म्हणून तिने बाहेर बग्गीत बसून मृत्युपत्रावर सही केली, आणि साक्षीदार सह्या करायला आत गेले. नेमकी त्या वेळी बग्गी थोडी मागे सरकली आणि कचेरीच्या खिडकीसमोर आली. बाईला आतलं दिसू शकत होतं, तेवढ्यावर मृत्युपत्र टिकलं. घोडं पुढे गेलं असतं तर फुकट गेलं असतं! तुम्ही पिंजऱ्यात उभे आहात, घाम नाकाच्या शेंड्यावर जमलाय, आणि दोन काळे झगे दीडशे वर्षांपूर्वीच्या घोड्यावरून वाद घालतायत. हसू आलं तरी दाबा.

उलटतपासणी पुढे चालू. खिडकी अण्णांच्या उशाशी होती ना? होती. खाटेवर झोपलेल्या माणसाला उशामागची खिडकी कशी दिसेल?

“अण्णा झोपलेले नव्हते. सही करायला त्यांना पायथ्याकडे बसवलं होतं, पाठीला तक्क्या लावून. तोंड खिडकीकडे.”

“कुणी बसवलं?”

“ताईने.”

“म्हणजे त्या खोलीत होत्या!”

“बसवून आत चहा टाकायला गेल्या.”

चहा टाकण्याचं इंग्रजी करताना दुभाषा एक क्षण अडतो. ब्यारिस्टर ती फट सोडत नाहीत. तोंड खिडकीकडे असेल, पण बाहेर अंधार, पाऊस, मधे गज. अण्णांना प्रत्यक्ष काही दिसत होतं, असं तुम्ही कशावरून म्हणता?

आता तुमची पाळी. घाई करू नका. कट्ट्यावरचा तो कागद आठवा, झडीने दमट झालेला. तुमची सही ओली होती आणि तुम्ही उपरण्याच्या टोकाने ती टिपायला हात पुढे केलात. आणि आतून काय आवाज आला?

“अण्णा ओरडले. म्हणाले, पुसू नका हो, वाळू टाका! शाई फिसकटेल. आणि कागद आत आणा, भिजतोय.”

कोर्टात खसखस पिकते. दुभाषा हे मात्र पुरतं सांगतो, एक शब्द न गाळता. न्यायमूर्ती पहिल्यांदाच थेट तुमच्याकडे बघतात.

“मग तुम्ही काय केलंत?”

“मास्तरांच्या डबीतली वाळू टाकली, साहेब.”

कागद वर मागवला जातो. न्यायमूर्ती तो खिडकीच्या उजेडात तिरपा धरतात. तुमच्या सहीच्या जाड फराट्यांत बारीक कण अजून चिकटलेले आहेत; कागद हलला की ते चमकतात. डॉक्टरांनी स्वतःच्या फाउंटन पेनने सही केली होती, तिच्यावर एकही नाही.

दादाचे ब्यारिस्टर एक शेवटचा प्रयत्न करतात. एवढी महत्त्वाची गोष्ट तुमच्या निवेदनात कशी नाही?

“कुणी विचारलीच नाही.”

मास्तरांचे सॉलिसिटर अचानक आपल्या गठ्ठ्याची फीत सोडून पुन्हा बांधायला लागतात.

मधल्या सुट्टीत बाहेर पडा. पश्चिमेच्या सज्ज्यातून ओव्हल दिसतं. माडांच्या रांगा, वाळलेलं पिवळं गवत, त्यावर पोरांचं क्रिकेट. आणि पलीकडे, समुद्र हटवून काढलेल्या जमिनीवर नव्या फॅशनच्या इमारती, कुठे परांचीही बांधलेली. इराण्याकडे ब्रून मस्का खायचा असेल तर खा; मास्तर येणार नाहीत, त्यांनी घरून दशम्या आणल्यात. ताईने सकाळपासून पाणीही घेतलेलं नाही. दादाही एकटाच उभा आहे, आणि खरं सांगायचं तर तोही काही खलपुरुष दिसत नाही. बापाने आपल्यापेक्षा बहिणीवर जास्त विश्वास टाकला, हे भिंतीवर चिकटवलेल्या कागदावरून चारचौघांत वाचायला लागलेला माणूस आहे तो.

दुपारी भाषणं होतात. मास्तरांनीच लिहिलं, मास्तरच एक्झिक्युटर, हे संशयास्पद नाही का? संशय असला तर तो फेडण्याचं ओझं मृत्युपत्र पुढे आणणाऱ्यावर, हे न्यायमूर्तींना मान्य आहे. पण ज्याला त्यातून दमडी मिळत नाही त्याच्याबद्दल संशय किती ताणायचा? निकाल ते तिथेच सांगायला लागतात, संथ, एका सुरात. अर्ध्या इंग्रजीतून तुमच्या पदरात एवढं पडतं: ओली शाई ज्याला गजांतून दिसते आणि ती टिपू नये हे ज्याला सुचतं, तो माणूस पाहतही होता आणि शुद्धीवरही होता. प्रोबेट द्यावं. मुलाला शंका येणं अगदीच गैर नव्हतं, तेव्हा दोन्ही पक्षांचा खर्च इस्टेटीतून.

शेवटचं वाक्य ऐकून दोन्हीकडच्या सॉलिसिटरांचे चेहरे सारखेच प्रसन्न होतात.

बाहेर ताई मास्तरांना विचारते, अण्णांचा तो कागद आता घरी नेता येईल ना? नाही. मूळ मृत्युपत्र हायकोर्टाच्या दप्तरात राहणार, कायमचं. तिला मिळेल ती कोर्टाचा शिक्का मारलेली नक्कल. मास्तरांचं काम तर आत्ता सुरू होतंय: सहा महिन्यांत मिळकतीची यादी दाखल करायची, वर्षभरात हिशेब. ते उपरण्याने मान पुसतात आणि कारकुनाला कोर्ट फी कधी भरायची ते विचारतात.

जिन्यात दादाचा सॉलिसिटर त्याला काहीतरी समजावतोय. तुम्ही जवळून जाताना ‘वडिलोपार्जित’ हा शब्द कानावर पडतो. तुम्ही कारकुनाला गाठता. हा काय नवीन प्रकार?

“अहो, प्रोबेट म्हणजे कागद खरा, एवढंच. चाळ अण्णांची एकट्याची होती की बापजाद्यांची, हे या कोर्टाने बघितलंच नाही. बघायचं नसतं. बापजाद्यांची निघाली तर अण्णांना ती लिहून देण्याचा हक्कच नव्हता. त्याचा दावा वेगळा.”

“म्हणजे मला पुन्हा यावं लागणार?”

“तुम्ही कशाला?” पानाची पिंक टाकायला कोपरा शोधत तो म्हणतो. “तुम्ही फक्त सही पाहिलीत.”